सात बटणांचं घर

आमच्या बाबांना आता डावीकडे वळता येत नाही. हे मी सांगितलं, तुम्ही ऐकलं. आता आपण दोघंही ते विसरून जाऊ, कारण ज्या मंगळवारी ही गोष्ट सुरू झाली, त्या दिवशी बाबा चारचौघांसारखे दोन्ही बाजूंना वळत होते.

त्या मंगळवारी मी ताईसाठी व्हिडिओ गेमचा कंट्रोलर बनवला. मी दुरुस्तीच्या दुकानात काम करतो. लोक खेळात हरतात, कंट्रोलर भिंतीवर मारतात आणि तो ‘आपोआप बिघडला’ म्हणून माझ्याकडे घेऊन येतात. दिवसाला वीसेक येतात. मी बटणं बदलतो, पट्ट्या साफ करतो, सेटिंगमध्ये जाऊन प्रत्येक बटण कुठल्या क्रियेला जोडलंय ते तपासतो. कंटाळवाणं काम आहे, पण बसून करता येतं.

ताई कृत्रिम दात घडवायची. अर्ध्या गावाचं हसू तिच्या हातचं आहे. कोपराच्या ऑपरेशननंतर तिच्या उजव्या हाताची तीन बोटं तिचं ऐकेनाशी झाली आणि दात थांबले. व्यायाम शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, बोटांना रोज तासभर काहीतरी दाबायला द्या. मी माझा गळा सुचवला. बाईंनी तो नीट बघितला आणि फार बारीक आहे म्हणून नाकारला.

मग मी डब्याच्या मोठ्या झाकणावर सात जाड बटणं बसवली. सातच, कारण आठव्याला जागा नव्हती. आणि खेळ निवडला तो संसाराचा. त्यात मारामारी नाही, शर्यत नाही. माणसं बनवायची, त्यांना घर द्यायचं, उठवायचं, खाऊ घालायचं, कामाला धाडायचं. थोडक्यात, सहा वर्षांपूर्वी आई गेली तोवर ती जे करायची ते.

ताईने आमचंच घर बनवलं. तिसरा मजला, लांब पॅसेज, टोकाला बाबांची खोली, तिथून निघालं की डाव्या हाताला बाथरूम. माणसांत आधी बाबांना बनवलं, टकलासकट. मग मला, दुकानाचा निळा एप्रन घालून. स्वतःला बनवायचा तिने कंटाळा केला.

सेटिंगमध्ये त्र्याण्णव क्रियांची यादी होती. चालणे, बसणे, वाकणे, जांभई देणे, खिडकीतून पाहणे, असं काय काय. मूळ खेळ कीबोर्डवरचा, त्यामुळे प्रत्येक क्रियेसमोर एक कळ लिहिलेली. मी एकेक क्रिया उचलून आमच्या सात बटणांवर आणू लागलो. बाकीच्या क्रियांसमोर आपोआप ‘न दिलेली’ असं येत गेलं. मधेमधे एक चौकट यायची, बदल कायम करायचा का, म्हणून. ही चौकट मला दुकानात दिवसातून शंभरदा दिसते. मी ती वाचत नाही. ‘होय’ दाबतो.

सहा बटणं भरली तेव्हा ताईने विचारलं, उजवीकडे वळायचं बटण आहे, डावीकडचं कुठे?

“तीनदा उजवीकडे वळ,” मी म्हटलं, “डावीकडेच पोचशील.”

ती खूप हसली. महिन्याभरात पहिल्यांदा. सातवं बटण मी खाण्याला दिलं आणि स्वतःवर खूश होऊन झोपलो.

गुरुवारी बाबा दाढी करताना शिट्टी वाजवत नव्हते. बाबांनी पस्तीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या आणि पस्तीस वर्षं दाढी करताना एकच चाल वाजवली, तीही चुकीची. मी विचारलं तर त्यांनी ओठांचा चंबू केला, फुंकर मारली, नुसती हवा आली. त्यांना त्याचं काही वाटलं नाही. साबण जास्त लागलाय, म्हणाले.

शुक्रवारी ते कोपऱ्यावरच्या दुकानात ब्रेड आणायला गेले आणि पाऊण तासाने आले. रस्ता पाच मिनिटांचा आहे. शनिवारी सकाळी मी पॅसेजमध्ये उभा होतो. बाबा त्यांच्या खोलीतून पंचा खांद्यावर टाकून निघाले, बाथरूमच्या दाराशी आले, थांबले. मग उजवीकडे वळले. भिंतीकडे तोंड. पुन्हा उजवीकडे. आता खोलीकडे तोंड. पुन्हा उजवीकडे. आणि आत गेले.

मी म्हटलं, बाबा, हे काय करताय?

“अंघोळ,” बाबा म्हणाले, आतून.

मी ताईला सांगितलं. ती हसली. मग बाबा बाहेर आले, चहा घ्यायला स्वयंपाकघराकडे निघाले, आणि तेही दार डावीकडेच होतं. ताईचं हसणं मधेच थांबलं.

मी समजूतदार माणूस आहे. मी बाबांना डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टरांनी डोळ्यांत उजेड मारला, गुडघ्यावर ठोकलं, एका पायावर उभं केलं. सगळं उत्तम निघालं. डॉक्टर म्हणाले, यांची तब्येत तुमच्यापेक्षा चांगली आहे. बाबांनी मान डोलावली, उठले, आणि डावीकडच्या दाराने बाहेर पडण्यासाठी डॉक्टरांच्या खोलीत एक पूर्ण चक्कर मारली. डॉक्टर तोवर पुढच्या पेशंटची फाईल वाचत होते.

संध्याकाळी मी आणि ताई यादी घेऊन बसलो. शिट्टी वाजवणे, न दिलेली. डावीकडे वळणे, न दिलेली. हसणे, न दिलेली. माझ्या विनोदांना बाबा एरवीही हसत नाहीत, त्यामुळे हे आमच्या लक्षातच आलं नव्हतं. आम्ही आधी श्वास शोधला. श्वास यादीत नव्हता. ताईने डावा हात छातीवर ठेवला आणि बराच वेळ तो तिथेच राहू दिला.

मी ‘मूळ स्थितीत आणा’ दाबलं. उत्तर आलं: ‘या घरासाठी मूळ स्थिती उपलब्ध नाही.’ मी दुकानातून कीबोर्ड आणून जोडला, चांगला शंभरच्या वर कळांचा. कुठलीही कळ दाबली की एकच ओळ यायची: ‘हे बटण या घरात नाही.’

सोमवारी व्यायामाच्या बाई आल्या. ताईची बोटं त्यांना थोडी बरी वाटली. जाताना मात्र बाबांकडे बघून म्हणाल्या, यांची झोप होत नाही का हो? डोळे बघा जरा.

आम्ही डोळे बघितले. नुसते लाल, पांढरा भाग राहिलाच नव्हता. बाबा म्हणाले, रोज वेळेवर आडवा होतो की. झोप आली की झोपेन.

यादीत चौऱ्याऐंशीव्या नंबरवर झोपणे होतं. न दिलेली. मंगळवारपासून सोमवारपर्यंत, सात दिवस, बाबा पलंगावर पडून छताकडे बघत होते आणि त्यांना वाटत होतं की झोप अजून यायची आहे.

त्यावर मी जे केलं ते कुठल्याही शहाण्या माणसाने केलं असतं. मी खेळ बंद केला.

दुपारचा एक वाजला होता. बाबा टेबलाशी जेवत होते. स्क्रीन काळी झाली. घास तोंडाच्या वीतभर आधी थांबला.

ताई म्हणाली, बाबा.

चमचा हलत नव्हता. पापणी हलत नव्हती. चमच्याच्या टोकावर एक थेंब लोंबत होता, तो मात्र पडला.

मी खेळ सुरू केला. पट्टी सरकू लागली. नऊ टक्के. सतरा टक्के.

ताईने बाबांच्या नाकाखाली बोट धरलं. दुखऱ्या हाताचं. त्या बोटाला काही कळत नाही, हे तिच्या लक्षात यायला वेळ लागला. मग तिने दुसरं धरलं.

एकेचाळीस टक्के. पट्टी थांबली. मी स्क्रीनला आयुष्यात पहिल्यांदा नमस्कार केला.

त्र्याऐंशी.

“मीठ कमी आहे,” बाबा म्हणाले.

त्यानंतर आम्ही खेळ बंद केलेला नाही.

राहिला प्रश्न झोपेचा. सातातलं एक बटण काढून द्यायचं. चालणे, उजवीकडे वळणे, उचलणे, बसणे-उठणे, दार उघडणे, खाणे, बोलणे. ताईने कागदावर लिहून काढलं. मी म्हटलं, दार जाऊ दे, आपण उघडू. ती म्हणाली, आपण घरात नसलो आणि काही झालं तर? खाणं काढता येत नव्हतं. उठणं काढलं तर पलंगावरून उठणार कसे? हे आम्ही बाबांसमोरच बोलत होतो. बाबा शेजारी पेपर तोंडासमोर धरून बसले होते आणि मधेच म्हणाले की तुम्हा दोघांना काही कामधंदा नाही.

शेवटी बोलणं उरलं.

रात्रीपुरतंच, ताई म्हणाली. सकाळी परत देऊ. बोट तिने स्वतः ठेवलं, करंगळी, सगळ्यात आळशी. स्क्रीनवर चौकट आली. हे बटण आधीच ‘बोलणे’ या क्रियेला दिलेलं आहे. बदलायचं?

बाबांनी पेपर खाली केला. “आणि हे बघ,” ते मला म्हणाले, “तुझ्या आईने कधी—”

ताईची करंगळी तेवढ्यात खाली गेली होती.

बाबांनी तोंड मिटलं, उठले, खोलीत गेले आणि अकरा तास झोपले. मी दारात खुर्ची टाकून ते घोरणं ऐकलं. सकाळी ताईने बोलणं परत दिलं. बाबा दात घासत होते. तोंडातला फेस थुंकून ते म्हणाले, “—लिफ्ट वापरली नाही. तीन मजले चढून यायची. माझ्यावर विश्वास नव्हता तिचा.”

असं आमचं बसलं. रोज रात्री साडेनऊला झोपणे, सकाळी सातला बोलणे. ताई एकदाही चुकली नाही. दोनशे वेळा करंगळी दाबून तिची करंगळी इतकी सुधारली की बाई तिचे फोटो काढून घेऊन गेल्या. रविवारी आम्ही उचलणे काढून तासभर हसणे द्यायचो. बाबा तासभर माझ्या विनोदांवर हसायचे. दुसऱ्याने जोडून दिलेलं हसू आहे हे माहीत असूनही मला बरं वाटायचं, हे मी इथे कबूल करतो.

आज दुपारी मी ही सगळी हकीकत वहीत लिहायला बसलो. तारखा जुळवायला म्हणून सेटिंग उघडलं. ताई शेजारी होती. यादीच्या वर ‘खेळाडू १’ लिहिलेलं असतं. त्याच्या बाजूला ‘खेळाडू २’ असतं, पण दुसरा कंट्रोलर जोडलेला नसला की ते राखाडी दिसतं. ते कायम राखाडी असायचं.

आज ते पांढरं होतं. खाली लिहिलं होतं: ‘जोडलेला आहे.’

मी वायर मोजली. एक होती. ती आमच्या झाकणात जात होती.

‘खेळाडू २’ उघडलं. निळा एप्रन घातलेला मी. समोर तीच त्र्याण्णव क्रियांची यादी. बहुतेकांपुढे ‘न दिलेली’.

कुठलंही बटण दाबलं की त्याची ओळ उजळते. तपासण्यासाठी तशी सोय असते, माझं रोजचं काम आहे ते. ‘वाचणे’ ही ओळ उजळलेली होती. मी वाचत होतो. मग ‘उठणे’ उजळली.

मग मी उठलो.

याच क्रमाने.

मी परत बसलो, म्हणजे ओळ उजळली आणि बसलो. यादीत खाली गेलो. दार उघडणे, न दिलेली.

“मी दार शेवटचं कधी उघडलं?” मी ताईला विचारलं.

तिने मान वळवून दाराकडे बघितलं.

“तू बाहेरून हाक मारतोस,” ती म्हणाली, “मी उघडते. मला वाटलं, आळशी झालायस.”

दुकानाचं दार सकाळी मालक उघडतात. बाथरूमला आमच्याकडे पडदा लावलाय. तो का लावला, कधी लावला, मला आठवेना. ताईलाही आठवेना. मी तिला म्हटलं, निदान जो कुणी खेळतोय त्याने माझी उंची तरी वाढवायची. ती हसली नाही. ती स्क्रीनकडे बघत होती.

यादीतली एक नवीन ओळ निवडली जात होती. आमचा हात कुठेच नव्हता. ‘अर्ज लिहिणे’.

चौकट आली.

हे बटण आधीच ‘थट्टा करणे’ या क्रियेला दिलेलं आहे. बदलायचं?

ताईने माझं मनगट धरलं, उजव्या हाताने, पाचही बोटांनी. मला ते नीट जाणवलं. मी तिच्याकडे बघून काहीतरी म्हणणार होतो, जे मी अशा वेळी म्हणतो.

होय.

प्रति,
खेळाडू क्र. २ चा कंट्रोलर ज्यांच्या हाती आहे ते.

विषय: एक बटण वाढवून मिळणेबाबत.

महोदय/महोदया,

अर्जदार आपल्या खेळातील घरात, तिसऱ्या मजल्यावर, वडील व थोरल्या बहिणीसह राहतो. अर्जदारास सध्या सात क्रिया देण्यात आलेल्या आहेत व त्या पुरेशा नाहीत. तरी आपल्या कंट्रोलरवर आठव्या बटणाची सोय करण्यात यावी. ती होईपर्यंत आपण कंट्रोलर खाली ठेवू नये. ठेवणे अटळ असल्यास, वडिलांना झोपवण्यासाठी अर्जदाराच्या बहिणीस रात्री साडेनऊपर्यंतची मुदत द्यावी.

सही करणे ही क्रिया अर्जदारास दिलेली नाही. सबब हा अर्ज सहीविना ग्राह्य धरण्यात यावा, ही नम्र विनंती.