खैरदेवचं बाळ आणि ऊर्वीची दाढ

दहा महिन्यांचं बाळ. अजून चालायलाही न शिकलेलं; कुणी कडेवर घेईल तेव्हाच उंबरठा ओलांडणार. आणि तरीही त्याच्या हिरडीतल्या इवल्याशा दाढेच्या टोकात चारशे किलोमीटर दूरच्या खडकाची खूण सापडली! मग हे बाळ तिथलं पाणी प्यायलं तरी कधी?

"विचार करा. तीन मिनिटं देतो," सातबारा म्हणाला.

सातबारा म्हणजे खैरदेवच्या उत्खननावरचा मार्गदर्शक यंत्रमानव. त्याच्या छातीवर 'क्रमांक ७, तुकडी १२' असं लिहिलेलं, आणि तिथल्या जमिनीची तीन हजार वर्षांची खडान्‌खडा माहिती त्याच्या डोक्यात. मग गावकरी त्याला दुसरं काय म्हणणार? त्याला स्वतःला हे नाव मुळीच पसंत नव्हतं, पण हाक मारली की बिचारा ओ देई.

शाळेच्या सहलीला आलेली सहावीची चौतीस मुलं खड्ड्याच्या काठाने उभी होती. खैरदेव गावाबाहेर, नदीच्या वळणावर पांढरीचं टेकाड आहे. पांढर म्हणजे जुन्या वस्तीची माती. चुलींची राख, पडक्या भिंती, शेण असं शेकडो वर्षं साचत जाऊन ती पांढुरकी होते. मुलांच्या डोळ्यांवर कालचष्मे होते (सापडलेल्या पुराव्यांवरून जागेचं जुनं रूप उभं करून दाखवणारे चष्मे). चष्म्यातून खड्ड्याच्या जागी एक गोल घर दिसे. कुडाच्या भिंती, सारवलेली जमीन, कोपऱ्यात चूल. चष्मा काढला की उरत नुसते खांबांचे खळगे आणि तोंडाला तोंड लावून आडवी पुरलेली दोन मडकी.

ते बाळ त्या मडक्यांत होतं.

"ई! घरातच पुरलं? मग भूत नाही का होणार?" निहार म्हणाला आणि सगळे खो खो हसले.

ऊर्वी लांजेवार मात्र हसली नाही. "त्या घरात नंतर लोक राहत होते का?" तिने विचारलं.

"राहत होते," सातबारा म्हणाला. "बाळाला पुरल्यानंतर वरची जमीन अनेकदा सारवल्याचे थर मिळाले आहेत."

म्हणजे त्याची आई तिथेच स्वयंपाक करत असणार. रात्री तिथेच, त्याच्याजवळ झोपत असणार. ऊर्वीला बाळाची दया यायला हवी होती, पण आला तो हेवा. मेलेल्या बाळाचा कुणी हेवा करतं का? तिची तिलाच लाज वाटली.

पण त्याला कारण होतं आणि ते कालचंच होतं. काल ऊर्वीच्या आईची दहावी पुण्यतिथी झाली. मामा, आत्या, काका सगळे पुण्याच्या घरी जमले होते. जेवणं झाल्यावर एकेकाने आईची आठवण सांगितली. लहानपणी आई तळ्यात कशी उडी मारायची, ते मामाने सांगितलं. आत्याने आईच्या हसण्याची नक्कल केली आणि शेवटी स्वतःचेच डोळे टिपले. आता आपली पाळी म्हणून ऊर्वी सरसावून बसली, तर आत्या तिच्या केसांवरून हात फिरवत म्हणाली, "हिला काय आठवणार? अकरा महिन्यांची तर होती. आई गेल्याचं हिला कळलंसुद्धा नाही. देवाची कृपाच म्हणायची ती!"

आत्या मायेनंच बोलली होती. पण ते वाक्य ऊर्वीच्या मनात रुतून बसलं. आपली आई गेली आणि आपल्याला कळलंसुद्धा नाही? फोटोपुढे रडायचा हक्क साऱ्यांना, आणि आपण तेवढ्या पाहुण्या! हे खरं का, असं विचारायचं तरी कुणाला? आईचा विषय निघाला की बाबा उठून पाणी प्यायला जात.

"वेळ संपला," सातबारा म्हणाला. तो मुलांना टेकाडाखालच्या पत्र्याच्या शेडमध्ये घेऊन गेला. तिथे डॉ. यास्मिन मुल्ला काम करत असत. दातांवरून माणसांचा इतिहास वाचणं हे त्यांचं काम. ठेंगण्या, पिकल्या केसांच्या आणि बोलताना मान हलवणाऱ्या बाई होत्या त्या.

"खडकापासून सुरुवात करू," मुल्ला मॅडम म्हणाल्या. "खडक झिजून माती होते. मातीतलं जे असेल ते पाण्यात उतरतं, धान्यात चढतं आणि धान्यातून?"

"पोटात!" मुलं ओरडली.

"बरोबर. खडकात स्ट्रॉन्शियम नावाचा धातू असतो, अगदी थोडा. तो वागायला कॅल्शियमसारखा. त्यामुळे आपलं शरीर फसतं आणि दात बांधताना कॅल्शियमसोबत त्यालाही बसवून टाकतं. आता या धातूचे अणू काही हलके, काही जड (त्यांना समस्थानिकं म्हणतात). आपल्याकडच्या काळ्या कातळात त्यांचं प्रमाण एक, ग्रॅनाइटसारख्या फार जुन्या खडकांत वेगळंच. ते मोजलं, की हा माणूस कुठल्या मातीतलं खाऊन वाढला ते कळतं."

"पण मॅडम, शरीर तर बदलत राहतं ना?" निहारने विचारलं. भुताचं सोडलं, तर मुलगा हुशार होता.

"हाडं बदलतात. जुनं जातं, नवं येतं. पण एनॅमल (दातावरचं चकचकीत, कडक कवच) एकदाच बनतं. रोज एक पातळ थर, झाडाच्या खोडातल्या वलयांसारखा. पुरं झालं की आपलं शरीर त्यात नवं काही घालत नाही." त्यांनी पडद्यावर त्या बाळाची दाढ मोठी करून दाखवली. "टोक आधी बनतं. ते ग्रॅनाइटच्या मुलखातलं आहे. त्यानंतर ही गडद रेघ दिसते? ही जन्मरेषा. आईच्या पोटातून बाहेर येणं हा केवढा मोठा धक्का! त्या दिवशीचा थर वेगळाच बनतो. रेघेनंतर थोडे दिवस तेच प्रमाण, आणि मग हळूहळू आपल्या काळ्या कातळाचं. आता सांगा, बाळ तिकडचं पाणी कधी प्यायलं?"

"बाळ नाही प्यायलं," ऊर्वी हळूच म्हणाली. "त्याची आई प्यायली. ती बाळंतपणाला माहेरी गेली असेल."

मुल्ला मॅडमनी टेबलावर थाप मारली. "आम्हा पाच जणांना हे सुचायला महिना लागला गं! पक्का पुरावा नाही हं. ते कुटुंबच तेव्हा इकडे आलेलं असू शकतं. पण मलाही वाटतं, माहेरीच गेली असेल. तुला कसं सुचलं?"

"माझी आईपण गेली होती. गोंदियाकडे. मी तिथेच झाले."

"वा! मग आज घरी जाऊन आईला सांग की..."

"मला आई नाही."

सातबाराने मुलांना जेवायला बाहेर नेलं.

मुलांनी बाभळीखाली डबे उघडले. ऊर्वीने डबा उघडलाच नाही. ती परत शेडमध्ये आली आणि टेबलाची कड धरून उभी राहिली.

"मॅडम, दुधाचे दात पोटात असतानाच बनायला लागतात ना?"

"हो."

"माझे सगळे पडले. शेवटची दाढ दिवाळीत पडली. मी सगळे मामाच्या घराच्या कौलांवर फेकले. त्यांत आई होती ना? मी तिला फेकून दिलं!" आणि कालपासून कोंडलेलं रडू फुटलं.

मुल्ला मॅडमनी तिला रडू दिलं. मग म्हणाल्या, "तोंड उघड. खालच्या बाजूला समोरून मोज. सहावा दात. ही दाढ दुधाची नाही. सहाव्या वर्षी ती सगळ्यांच्या मागून गुपचूप येते, कुणाला पाडून येत नाही, म्हणून लक्षातही राहत नाही. पण हिरडीच्या आत ती बनायला लागते तू जन्मलीस त्याच सुमाराला. तीन वर्षांची होईपर्यंत बनत राहते. तू आईचं दूध प्यायलीस?"

"हो. आजारी होती म्हणून ती मामाकडेच राहिली होती, तरी पाजायची, असं मामा म्हणाला."

"मग ऐक. दुधातलं कॅल्शियम थोडं आईच्या जेवणातून येतं, आणि थोडं तिचं शरीर तिच्याच हाडांतून काढून दुधात घालतं. ते तुझ्या या दाढेत आहे. ही आयुष्यभराची दाढ. तेवढी नीट घासत जा म्हणजे झालं."

ऊर्वीचा हात आपोआप गालावर गेला.

"वाचता येईल?" तिने विचारलं.

वाचता येणार होतं. मॅडमकडे किरणलेखणी होती (दाताला इजा न करता त्याचे थर मोजणारं पेनासारखं उपकरण). पण बाबांची परवानगी हवी, म्हणून त्यांनी फोन लावला. बाबांनी सगळं दोनदा विचारून घेतलं. मग म्हणाले, "पाहा मॅडम. मी फोन चालूच ठेवतो."

लेखणी दाढेवर टेकली. गुदगुल्या झाल्यासारखं वाटलं, एवढंच. सातबारा पडद्यापाशी येऊन एका सुरात वाचू लागला.

"जन्मरेषा. पुढे फार जुन्या खडकाचं प्रमाण. दिवस शंभर, थर सरळ. दिवस दोनशे, थर सरळ. दिवस तीनशे. दिवस तीनशे सदतीस." तो थांबला. "इथे थर विस्कटले आहेत. पाच दिवस नीट थर नाही."

तीनशे सदतीस दिवस म्हणजे अकरा महिने आणि वर दोन-तीन दिवस. ऊर्वीला हिशोब मांडावा लागला नाही.

"असं कधी होतं, मॅडम?"

"बाळ उपाशी राहिलं, फार आजारी पडलं किंवा जबर धक्का बसला, की वाढ थबकते." मुल्ला मॅडम जपून बोलत होत्या. "पण दात कारण सांगत नाही गं. फार मोठं काहीतरी घडलं, इतकंच सांगतो. कदाचित ताप आला असेल."

"ताप नव्हता." आवाज फोनमधून आला. बाबांचा होता, पण नेहमीचा नव्हता. "ताप नव्हता तिला. पाच दिवस तिनं काहीच नाही घेतलं मॅडम. दूध नाही, पेज नाही. दाराकडे पाहून राहायची. कोणी आत आलं की हात पुढे करायची, अन् तोंड पाहून हात मागे घ्यायची. शेवटी सलाईन लावावं लागलं."

"मीच साऱ्यांना सांगितलं," बाबा म्हणाले, "की पोरीला कळलं नव्हतं असंच म्हणा. वाटलं, तेवढंच तिचं दुःख कमी."

"बाबा," ऊर्वीने विचारलं, "म्हणजे मला कळलं होतं?"

"आम्ही सारे झोपलो होतो बेटा. तू एकदम रडत उठली, म्हणून आम्ही उठलो. अन् पाहतो तर ती गेली होती. सगळ्यांत आधी तुलाच कळलं."

ऊर्वी टेबलावर डोकं टेकून रडली. पण हे रडणं मघाचं नव्हतं. दहा वर्षांत पहिल्यांदा ती तिच्या आईसाठी, तिची मुलगी म्हणून रडत होती, आणि तिकडे फोनवर बाबाही रडत होते. मुल्ला मॅडमनी चष्मा काढून पुसला. काय करावं ते न सुचल्याने सातबारा स्तब्ध उभा राहिला, आणि तेच बरं झालं.

मग मॅडम म्हणाल्या, "खैरदेवच्या त्या बाळाच्या दाढेतही अशीच एक विस्कटलेली रेघ आहे, ऊर्वी. पण तिच्यापुढे काही नाही. दाढ तिथेच संपते. तुझ्या दाढेत रेघेच्या पुढे दोन वर्षं आहेत."

ऊर्वीने डोळे पुसले. लेखणी पुन्हा दाढेवर धरण्याआधी ती म्हणाली, "सातबारा, पुढे वाच."

"दिवस तीनशे त्रेचाळीस," सातबारा म्हणाला. "थर पातळ आहे, पण सरळ आहे."

"त्या दिवशी माझ्या हातून दोन चमचे पेज घेतली होती तू," बाबा म्हणाले. "तिसरा चमचा माझ्या सदऱ्यावर सांडला."

"दिवस तीनशे पन्नास. थर जाड होत आहेत."

"आपण गाडीत बसून पुण्याला निघालो. तू रस्ताभर माझं बोट सोडलं नाही."

"इथून प्रमाण हळूहळू काळ्या कातळाकडे सरकू लागतं."

"मग आपण दोघंच होतो त्या घरात. मला भातसुद्धा करता येत नव्हता."

बाबा पाणी प्यायला उठले नाहीत. बाहेर वर्गाच्या बाई मुलांची मोजणी करत होत्या. एक डोकं कमी भरलं म्हणून त्या शेडच्या दारापर्यंत आल्या, आत डोकावल्या आणि पाऊल न वाजवता माघारी फिरल्या. त्यांनी बस अर्धा तास उशिरा सोडायला सांगितली.