वाचनालयाची डगमगती पायरी

"पुरावा आणा, आजोबा. नुसत्या आठवणी छापायच्या कशा?"

ग्रंथपाल बाई म्हणजे नियमाला पक्क्या. रस्तारुंदीत पाडलेल्या अँग्लिकन चर्चचा इतिहास उद्या छापखान्यात जाणार होता आणि त्यात आजोबांच्या वडिलांचं नावच नव्हतं. एकतीस वर्षं त्यांनी तिथली घंटा वाजवली होती.

"दाराशी दगडी पाटी होती. घंटा वाजवणाऱ्या सगळ्यांची नावं होती तिच्यावर."

"त्या चर्चचा आता खडासुद्धा उरलेला नाही," वाचनालयाच्या पायरीवर उभ्या राहून बाई म्हणाल्या आणि आत गेल्या.

आजोबांची नात मापटी हातात चर्चचा जुना फोटो घेऊन पायरीवर बसली; तिचा दादा शेजारीच उभा होता. मापट्याएवढ्या उंचीवरून पडलेलं हे नाव ती ऐटीत मिरवायची, पण आज तिला रडू येत होतं. इतक्यात तिचं बोट पायरीच्या एका भोकात गेलं.

"दादा, फोटोतल्या पाटीला चार कोपऱ्यांत चार खिळे आहेत. एक कोपरा उडालाय."

"मग?"

"मग या पायरीला चार भोकं कशाला? आणि हिचा कोपरा कुणी खाल्ला?"

दादाने चक्क जमिनीवर लोळण घेतली आणि पायरीखालच्या फटीत बोटं घातली. "खाली अक्षरं लागतायत!"

"बाईंना सांगू या."

"म्हणजे त्या पुन्हा पुरावा मागतील. थांब जरा."

तो साळसूदपणे आत गेला. "बाई, पायरी डगमगतेय. कुणी पडलं तर?"

पायरी खरंच डगमगत होती. बाईंनी पाय ठेवून पाहिला आणि लगेच गवंड्याला बोलावणं धाडलं.

गवंड्याने पहार लावून पायरी उलटली आणि ओल्या गोणपाटाने माती पुसली. खाली नऊ नावं होती. शेवटचं आजोबांच्या वडिलांचं.

"काखेत कळसा अन् गावाला वळसा," गवंडी पुटपुटला.

बाईंचा चेहरा उतरला. "एकोणीस वर्षं मी हिच्यावरूनच आत जातेय. चुकलं माझं, आजोबा. नाव आजच घालते." मग मापटीकडे वळून म्हणाल्या, "मूर्ती लहान पण कीर्ती महान, बरं का!"

आजोबा त्या अक्षरांवरून हात फिरवत राहिले. "आज ती घंटा हवी होती," ते म्हणाले.

बाई आत गेल्या. वाचनालय बंद करताना वाजवायची पितळी घंटा आणून त्यांनी आजोबांच्या हातात दिली.

'शांतता राखा' या पाटीखाली उभं राहून आजोबांनी ती मनसोक्त वाजवली.