काळीज पुढे जातं

ही घटना खरी आहे. जिच्या बाबतीत घडली ती इशबेल कॅरदर्स आजही भुतांवर विश्वास ठेवत नाही. राजांवर तर मुळीच नाही.

नोव्हेंबर महिना होता. स्कॉटलंडच्या दक्षिणेला, ॲनन नदीच्या खोऱ्यातलं एक लहान गाव. दुपारचे चार वाजलेले, म्हणजे अंधार पडलेला.

पुढच्या खोलीत तिच्या वडिलांची शवपेटी होती. दफन दुसऱ्या दिवशी.

वडील म्हणजे वॅटी कॅरदर्स. धंद्यानं नळदुरुस्तीवाले, पण गाव त्यांना 'राजेसाहेब' म्हणायचं. उन्हाळ्यातल्या मिरवणुकीत स्कॉटलंडचा जुना राजा रॉबर्ट ब्रूस व्हायचा मान गेली कित्येक वर्षं त्यांचाच. डोक्यावर पितळी मुकुट, अंगात साखळ्यांचा अंगरखा, आणि गळ्यात मुठीएवढी शिशाची डबी. डबी त्यांनी स्वतः बनवली होती. आत ओढ्यातला एक खडा घालून झाळून बंद केलेली.

ती डबी म्हणजे राजाचं काळीज.

शेंबड्या पोरालाही ती कथा तिथे पाठ असते. मेल्यावर राजाचं काळीज काढून डबीत घातलं. त्याचा सरदार ती गळ्यात बांधून स्पेनला लढायला गेला. शत्रूनं घेरल्यावर त्यानं डबी पुढे भिरकावली म्हणे... 'तू पुढे हो, मी आलोच.' आणि गेला मागोमाग.

सरदार मेला. डबी परत आली.

इशबेलला या सगळ्याचा मनस्वी तिटकारा होता. तिनं पुष्कळ वाचलं होतं. गाव त्या राजाची लढाई आठवायचं, पुन्हापुन्हा जाळं विणून त्याला धीर देणारा कोळी आठवायचं. इंग्लंडच्या राजापुढे घेतलेल्या आणि मोडलेल्या शपथा कोणी आठवत नसे. आपला प्रतिस्पर्धी त्यानं चर्चमध्ये, वेदीसमोर भोसकला होता, तेही नाही. धर्मयुद्धासाठी देवाच्या भूमीला जाईन म्हणाला, आणि जन्मभर गेला नाही. शेवटी काळीज धाडलं, तेही दुसऱ्याच्या गळ्यात बांधून.

त्याला एक मुलगीही होती. लहान वयात शत्रूच्या हाती सापडली आणि आठ वर्षं कैदेत राहिली. बाप तोवर राजा होत होता.

शाळेत असताना इशबेलनं वडिलांना विचारलं होतं, मी मिरवणुकीत ती मुलगी होऊ का?

"त्यात मुलगी नाही गं," ते म्हणाले होते.

पुढे ती ग्लासगोला राहायला गेली. जुन्या दगडी इमारतीत, चौथ्या मजल्यावर. वडील दर वर्षी म्हणायचे, यंदाची मिरवणूक होऊ दे, मग येतो. तिनं खिडकीपाशी त्यांच्यासाठी एक खुर्ची आणून ठेवली. उंच बैठकीची, कारण त्यांचे गुडघे दुखायचे.

खुर्चीवर कोणी बसलं नाही.

आता डबी शवपेटीवर ठेवली होती. ती बाबांबरोबर पुरायची, असं डॉडकाकांचं म्हणणं होतं. वडिलांचे हे धाकटे भाऊ मिरवणुकीत सरदार व्हायचे. इशबेलनं साफ नकार दिला होता. माझ्या बापाला नाटकाच्या सामानासकट पुरणार नाही, म्हणाली. काका खुर्च्या आणायला गावच्या हॉलवर निघून गेले.

घरात ती एकटीच उरली.

आणि कुत्रा. ब्रॅकन. दाराशी पसरला होता.

मग...

खट्.

तिनं वर पाहिलं. काही नाही.

खट्... खट्.

डबीतला खडा. पण डबी तर जागच्या जागी होती.

उंदीर असेल, ती स्वतःशी म्हणाली. राजाला साजेसा.

खट्... खट्... खट्...

आता आवाज सारख्या अंतरानं येत होता. आपल्या छातीत येतो तसा.

ब्रॅकन उठला. शवपेटीकडे पाहिलं, आणि शेपूट पायांत घालून बाहेर गेला. तो पुन्हा त्या खोलीत आला नाही.

तिनं डबी उचलली. खोलीतली शेगडी, पेटी होती म्हणून, मुद्दाम पेटवली नव्हती. शिसं बर्फासारखं लागायला हवं होतं.

डबी कोमट होती.

तेव्हा ती घाबरली नाही, तिला राग आला. जिवंतपणी चार जिने चढून यायला जमलं नाही, आणि आता ही नाटकं. ती तशीच घरामागच्या पुलावर गेली आणि सगळ्या ताकदीनिशी डबी ओढ्याच्या वरच्या अंगाला भिरकावली.

कान देऊन उभी राहिली.

पाणी वाजलं नाही.

दगडावर आदळल्याचाही आवाज नाही. काहीच नाही... फक्त ओढा वाहत होता.

दुसऱ्या दिवशी पाऊस नव्हता, वारा होता. तिकडे शवपेटी भाडोत्री माणसं उतरवत नाहीत. घरचे आणि जवळचे लोक कडेनं उभे राहतात, प्रत्येकाच्या हाती एक दोरी, आणि सगळे मिळून माणसाला खाली सोडतात. उशाची दोरी थोरल्या अपत्याची. नाव पुकारलं गेलं आणि इशबेल पुढे झाली.

खड्ड्यावर पेटीखाली टाकलेल्या लाकडी फळ्या काढल्या. सगळ्यांच्या दोऱ्या ताणल्या. डॉडकाकांच्या मानेच्या शिरा फुगल्या. वॅटी कॅरदर्स चांगला आडवातिडवा गडी होता.

इशबेलच्या हातातली दोरी मात्र...

सैल होती.

तिनं हळूच ओढली. वजन नाही. पेटी सरळ खाली चालली होती, उशाकडून जराही कलली नाही. दोरी तर कडीला नीट बांधलेली होती. तिच्या वाटचा भार कोणी उचलला होता, ते तिला दिसलं नाही.

नंतर सगळे हॉटेलात जेवायला गेले. मटण भरलेली पेस्ट्री, वाटाणे, व्हिस्की. लोक राजेसाहेबांचे किस्से सांगून हसत होते. मुकुट घालून एकाचं संडासाचं पाणी कसं चालू करून दिलं, तो किस्सा दोनदा झाला. डॉडकाका तिच्या शेजारी येऊन बसले.

"तुझी दोरी सैल होती, पोरी."

"तुम्ही पाहिलंत?"

"समोरच तर होतो." त्यांनी पेला फिरवला. "डबी कुठाय?"

तिनं सांगितलं. तिला वाटलं ते संतापतील.

ते पांढरे पडले.

"कुठे तोंड करून फेकलीस?"

"काय फरक पडतो त्यानं?"

"इशबेल. कुठे तोंड करून?"

ओढ्याच्या वरच्या अंगाला. म्हणजे उत्तरेला, ग्लासगोच्या दिशेला. मिरवणुकीतही डबी पुलावरून फेकतात आणि मग पाण्यातून काढून आणतात, हे तिनं लहानपणापासून पाहिलं होतं. पण फेकतात ती नेहमी खालच्या अंगाला, हे तिनं कधी ध्यानात घेतलं नव्हतं.

"आम्ही दक्षिणेलाच फेकतो," काका म्हणाले. "चेष्टेनं म्हणतात, जायचंच तर त्याला इंग्लंडात जाऊ दे. पण म्हातारे सांगायचे, आपल्या घराच्या दिशेनं कधी फेकू नये. काळीज पुढे जातं गं. ज्याचं असतं, तो मागून येतो."

"काका, ते नाटक आहे."

"हो," ते म्हणाले. निघताना मात्र त्यांनी तिचा हात फार वेळ धरून ठेवला.

ती संध्याकाळी ग्लासगोला पोहोचली. जिन्यात कोणाच्या तरी घरच्या तळलेल्या कांद्याचा वास होता. चौथ्या मजल्यावर आली, किल्ली काढली.

आणि दाराच्या आतून...

खट्... खट्... खट्...

तिनं दार उघडलं. आवाज थांबला.

घर बंद होतं तसंच होतं. खिडकीपाशी खुर्ची. खुर्चीच्या बैठकीवर पाण्याचा डाग, ओढ्याच्या पाण्यासारखा तांबूस.

डागाच्या मधोमध डबी होती.

ती अजून तिथेच आहे. इशबेलनं तिला हात लावलेला नाही. खडा आता वाजत नाही.

आता जिना वाजतो.

रोज संध्याकाळी कोणीतरी चढत येतं. चार पायऱ्या, मग थांबणं... पुन्हा चार पायऱ्या. गुडघे दुखणाऱ्या माणसासारखं. पहिल्या आठवड्यात पावलं पहिल्या मजल्याशी थांबत. आता तिसऱ्यापर्यंत येतात. तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंना तिनं विचारलं. त्यांना काही ऐकू येत नाही.

राजांना उशीरच होतो, असं ती म्हणते आणि हसते. हसणं पूर्वीसारखंच, तुच्छतेचं.

पण दाराची कडी तिनं अजून लावलेली नाही.

ती पावलं वडिलांचीच आहेत का, असं एकदा कोणी विचारलं. ती म्हणाली, शपथेवर सांगणार नाही. शपथांचं काय होतं, ते तिला ठाऊक आहे.