तुलनेचं शेत

गोंदियातल्या एका कृषिसंगणन प्रयोगशाळेत डॉ. वनमाला टेंभरे पडद्यासमोर उभ्याच होत्या. बसावं, हे त्यांना सुचत नव्हतं.

दहा वर्षांपासून प्रयोगशाळेचं सल्लायंत्र पूर्व विदर्भातल्या धानशेतकऱ्यांना फोनवर सांगत होतं, रोपांसाठी पऱ्हे कधी टाकायचे, ती रोपं चिखलात लावायची रोवणी कधी करायची. उत्पन्न दीडपट झालं होतं. न ऐकणारी एकच बाई उरली होती, भिवाटोल्याची सत्यभामा कापगते. ती तलावाचं पाणी पाहून आपल्या मनाने रोवणी करायची. यंदा गुडघ्यांनी तलावापर्यंत जाऊ दिलं नाही, म्हणून तिनेही यंत्राचं ऐकायचं ठरवलं. यंत्राने तिला सांगितलं, आठ दिवस थांबा. बाकी गावाला मात्र त्याच सकाळी ‘रोवणी करा’ असा सल्ला गेला होता.

हा बिघाड असावा, असं वनमालांना वाटलं. सहकारी निहाल शहारेने नकारार्थी मान हलवली.

“औषध सगळ्यांनीच घेतलं, तर न घेणाऱ्याचं काय झालं असतं, हे कळणार कसं? शिकायचं तर यंत्राला वेगळं वागणारं एक तरी शेत लागतं. आजवर ते आयतं मिळत होतं. आता बाई ऐकायला लागली. मग ती स्वतः जे करणार होती, तेच यंत्र तिला सांगतंय.”

“पुढच्या आठवड्यात पावसाचा खंड आहे, निहाल.”

“तिचं निम्मं पीक जाईल. पण चाळीस हजार शेतांचा सल्ला सुधारेल.”

त्याने नको म्हटलं तरी वनमालांनी फोन लावला. सगळं समजावलं, पाणी आहे तोवर आजच रोवणी उरकायला सांगितलं.

सत्यभामा हसली. “म्हणजे ऐकलं म्हणून फसले मी. पण एकटी नाही जी. तो सल्ला मी साऱ्यांना दाखवला. यंत्र आणि सत्यभामा पहिल्यांदाच एका मताचे झाले, म्हणजे बात पक्की, असं लोक म्हणाले. साऱ्या गावाने रोवणी थांबवली.”

वनमालांनी पडद्याकडे पाहिलं. भिवाटोल्याच्या तीनशे बारा शेतांपुढे एकच नोंद होती, सल्ला पाळला नाही. एरवी अशांना तासातासाला आठवण जायची. आज एकही गेली नव्हती. यंत्राला वेगळी वागणारी शेतं हवी होती, ती आता भरपूर मिळाली होती.

“थांबा मॅडम, नवीन आलं काही. आजच रोवणी करा म्हणते.” पलीकडे कुणाशी तरी बोलणं झालं. “शेजारणीला नाही आलं. कोणालाच नाही. दाखवू का साऱ्यांना?”