टेप नंबर एकतीस

ही घटना खरी आहे. आमच्या दाजींच्या बाबतीत घडलेली. आणि दाजी म्हणजे स्वतःची चूक कबूल करण्यापेक्षा दाढ उपटून घेणारा माणूस. त्यांनी आपण होऊन हे सांगितलं, म्हणून माझा विश्वास बसला.

रात्र वगैरे नव्हती. रविवार, भर दुपारचे अडीच. इमारतींचे नकाशे सांभाळणारी त्यांची कचेरी, तिसरा मजला.

दाजी तिथे कॉम्प्युटर विभागाचे प्रमुख. विभागात माणसं दोन, पण तोरा दोनशेंचा.

सकाळी एका शाळेच्या खांबाला तडा गेलेला दिसला. तपासणीला आलेल्या इंजिनिअरने फोन केला. "मूळ नकाशा पाचच्या आत पाठवा. मुख्याध्यापक कागद बघितल्याशिवाय ऐकत नाहीत. उद्या परीक्षा घेणारच म्हणतात."

त्याच शाळेत दाजींची चिमी होती. चौथीत.

सर्व्हर शुक्रवारीच बंद पडला होता. तरी दाजी निवांत. तीन वर्षांचा बॅकअप होता ना!

त्यांनी तो उघडला. नऊ हजार फाइली. एकही उघडेना.

महाशयांनी तीन वर्षं नुसते शॉर्टकट जपले होते. घर सोडून दारावरची पाटी तेवढी सांभाळावी, तसं. आणि एकदाही उघडून बघितलं नव्हतं.

आधी बॅकअपचं काम रेकॉर्ड विभागातल्या बाई करायच्या. कॅसेटसारख्या टेपवर. दर शुक्रवारी टेपमधली एक फाइल उघडायची, तिचं नाव मोठ्याने वाचायचं आणि लेबलवर हिरव्या पेन्सिलीने बरोबरची खूण करायची. दाजी सगळ्या कचेरीसमोर त्यांची नक्कल करायचे. बाई निवृत्त झाल्या तशी यांनी टेपची मशीन अडगळीत टाकली. वर्षभरात बाई वारल्या. दाजी अंत्यदर्शनालाही गेले नाहीत. म्हणे मीटिंग होती.

ताईचा फोन आला. "चिमीला आपण घरी ठेवू हो. बाकीच्या पोरांचं काय?"

दाजी फोन ठेवून अडगळीच्या खोलीत गेले.

टेपा होत्या. एक ते तीस. रजिस्टरमध्ये शाळेच्या नावापुढे नंबर होता एकतीस.

एकतीस कुठेच नव्हती.

चार वाजले. दाजींनी मशीन पुसली. विजेची वायर सोडवून हातात घेतली...

घर्रर्र...

आत टेप फिरत होती.

वायर दाजींच्या हातातच होती.

मग आवाज थांबला. आणि त्यांच्या पाठीमागून कोणीतरी सावकाश वाचलं...

"शाळा... तळमजला... खांब सात."

दाजी वळले. मागे रिकामं कपाट.

मशीनमधून टेप अर्धी बाहेर आली होती. लेबलवर एकतीस. बाईंचं अक्षर. शेजारी हिरवी खूण. दाजींनी अंगठा फिरवला, तर पेन्सिलीची पूड अंगठ्याला लागली.

खुणेखाली तारीख त्याच रविवारची होती.

घाबरले का? घाबरले तर! पण मशीन लॅपटॉपला जोडली. फाइल उघडली. चार पन्नासला नकाशा गेला.

इंजिनिअरचा फोन आला. "नकाशात आहे त्याच्या निम्मंसुद्धा लोखंड खांबात नाही. शाळा बंद केली."

बुधवारी खांब सात बसला. वरचा चौथीचा वर्ग खाली आला. आत कोणी नव्हतं.

आता दाजी दर शुक्रवारी एक फाइल उघडतात आणि नाव मोठ्याने वाचतात. कचेरी त्यांना हसते. हसू दे, एवढं तरी त्यांच्या वाट्याला यायलाच हवं. बाईंच्या घरी मात्र अजून गेलेले नाहीत. लाज वाटते म्हणे. इतकी वर्षं कुठे होती ही लाज?

मीही कमी नाही. परवा जेवणं झाल्यावर ताईसमोर मी त्यांची नक्कल केली. मान ताठ, डोळे मोठे. "शाळा... तळमजला..."

"खांब सात."

मी हसून ताईकडे बघितलं.

ताईच्या तोंडात पाणी होतं. ते तिने अजून गिळलं नव्हतं.

आणि घरात आम्ही दोघंच होतो.