गोधड्यांच्या खोलीतला आवाज

"बाबा, तुमच्या तिन्ही सिनेमांत आईचं नाव कुठं आहे, तेवढं दाखवा मला."

वर्षश्राद्धाची पानं उठली, पाहुणे गेले, तेव्हा मनस्विनीनं वैजनाथांना हे विचारलं. नाव कुठंच नव्हतं. मुलगी त्याच संध्याकाळी पुण्याला निघून गेली, नमस्कारही न करता... आणि बायको दमयंतीला जाऊन वर्ष झाल्यावर घर पुन्हा एकदा रिकामं झालं.

मराठवाड्यात सिनेमा काढणं मनस्विनीच्या लहानपणी नवंच होतं. वैजनाथांनी नोकरी सोडली. निर्माते तेच, दिग्दर्शकही तेच. नायिका मुंबईहून यायची. दिसायला छान, पण इकडची बोली तिच्या तोंडात बसेना. दमयंती मूळची इकडच्याच बिडकीनची. तिच्या जागी मी बोलून बघू का, असं दमयंतीनंच विचारलं. मग पुंडलिकनगरच्या घरात आवाज घुमू नये म्हणून मागच्या खोलीच्या भिंतींना गोधड्या टांगल्या, पंखा बंद केला, आणि घामानं निथळत ती पडद्यावरच्या बाईच्या ओठांकडं बघून बोलू लागली... नायिका तीच, सासू तीच, कापूस वेचणाऱ्या बायाही तीच. लहानगी मनस्विनी दाराशी खोकला दाबून बसायची. चार-पाच दिवसांनी नळ यायचे, आणि आले की गल्लीतल्या सगळ्या मोटारी एकदम घरघरायच्या. ध्वनिमुद्रण थांबायचं.

"तुमच्या बाया पाणी भरल्याबिगर काय रडायच्या नाय," असं म्हणत दमयंती मोटार लावायला पळायची.

सुनेचं नाव पडद्यावर नको, असं वैजनाथांचे वडील म्हणाले. ते भिक्षुकी करायचे, चार घरांत त्यांचा मान होता. दमयंतीनं लगेच ऐकलं. पुढं त्या आवाजाबद्दल नायिकेला बक्षीस मिळालं, तेव्हा दमयंती दुसऱ्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होती. पण वडील गेल्यावरही दोन सिनेमे झाले होते. तेव्हा कुणी अडवलं होतं? तिनं मागितलं नाही, म्हणून त्यांनी दिलं नाही... एवढंच खरं होतं.

यंदा पहिल्या सिनेमाची नवी प्रत गारखेड्याच्या एका सभागृहात दाखवायचं ठरलं. प्रत साफ करणाऱ्या ऋतुराजनं फोन केला. नवरा घर सोडून जातो त्या प्रसंगात नायिकेचे ओठ मिटलेले आहेत आणि मागून भलतीच बाई बोलते, ते काढून टाकू का, असं तो विचारत होता. वैजनाथांना ती चूक ठाऊक होती. त्यावरून लोकांनी वीस वर्षं त्यांची टर उडवली होती.

"राहू दे," ते म्हणाले. "आणि सुरुवातीला एक पाटी वाढव."

मग त्यांनी मुलीला फोन लावला. आजोबांवर ढकलत नाही, नाव राहिलं ते माझ्याकडूनच, जमलं तर खेळाला ये, एवढंच सांगितलं.

खेळाच्या दिवशी दिवे मालवायच्या बेताला मनस्विनी आली, आणि एक खुर्ची मध्ये सोडून बसली. पडद्यावर पहिलीच पाटी उमटली... 'सर्व स्त्रियांचा आवाज : दमयंती'. तिनं बापाकडं पाहिलं नाही.

तो प्रसंग आला. बैलगाडी दूर चाललेली, नायिका ओठ मिटून दारात उभी... आणि त्या शांततेत घाईघाईचा, घरातला आवाज आला.

"अहो, नळ आले... थांबा हं, आलेच मी."

सभागृह हसलं. मनस्विनीही हसली, आणि हसता हसता तिला रडू फुटलं. मधली खुर्ची ओलांडून ती वैजनाथांच्या शेजारी आली, त्यांचा हात तिनं घट्ट धरला.

"बाबा, हे काढलं नाहीत तुम्ही?"

"कसं काढू बाळा? तेवढंच तर ती तिचं स्वतःचं बोलली होती."

सिनेमा संपला. दिवे लागले, माणसं पांगली, झाडूवाली आवडाबाई मागच्या रांगेपासून झाडत झाडत पुढं आली. बाप-लेक तशीच बसून होती. आता उठा की, खेळ झाला, असं आवडाबाई म्हणाली, तेव्हा वैजनाथांनी रिकाम्या पडद्याकडं पाहिलं.

"जरा थांबतो बाई," ते म्हणाले. "तिनं थांबायला सांगितलंय."