आज एकही ढग नाही

मंडळाची पिकनिक माझ्या एका वाक्यामुळे कॅन्सल झाली. "चार वाजता वादळ," असं मी मंडळाच्या दीपाकाकूंना छातीठोकपणे सांगितलं होतं. मी अमेरिकेत विचिटाला हवामानाचे अंदाज लिहिते, त्यामुळे इथल्या समस्त मराठी मंडळींचा माझ्यावर फार विश्वास. चार वाजले, तरी ढगाचा मागमूस नाही! ऊन मात्र एकशेचार डिग्री फॅरनहाइट. चडफडत तलावावर गेले, तर झाडाखाली एकटाच एक जण, समोर पातेलंभर मसालेभात.

"मेसेज मिळाला नाही का तुम्हाला?"

"मिळाला. पण तोवर फोडणी पडली होती." तो हसला. "मी शार्दूल. तीन आठवडे पवनचक्क्या रिपेअर करायला आलोय. जिने हा घोळ घातला, तिला एक प्लेट द्यायचीय."

"मीच ती... चैत्राली."

"मग दोन प्लेट्स. आणि वादळ गेलं कुठे, ते एक्सप्लेन करा!"

मी समजावलं — वर गरम हवेचा थर झाकणासारखा बसतो. खाली कितीही धुमसलं तरी ढग वर चढत नाहीत. तो ऐकत होता की नुसता बघत होता, कोण जाणे. भात तिखट नव्हता, तरी मला घाम फुटला.

दुसऱ्या दिवसापासून रोज सकाळी मेसेज — "चढू का?" विजा असल्या की पवनचक्कीवर चढत नाहीत. कंपनीची सूचना त्याला मिळायचीच, तरी विचारायचा मला. "चढ, पण दोनच्या आत उतर," असं लिहून मी दोनपर्यंत रडारसमोरून हलायचे नाही. 'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, कळलंच नाही.

मग त्याचा शेवटचा शनिवार. संध्याकाळी जर्सी सिटीला परत जायची फ्लाइट. सकाळी हवामानाच्या बलूनने वरून पाठवलेले आकडे आले — झाकण घट्ट. वादळ यावं, विमानं अडकावीत, असं मला इतकं वाटत होतं... पण अंदाज खरा तोच लिहिला. कोरडी हवा, कडक ऊन.

संध्याकाळी एअरपोर्टवरून फोन आला.

"वाचला तुझा अंदाज. यार, आज तरी खोटं लिहायचंस! बॉसने इथेच पर्मनंट जॉब ऑफर केलाय, सहापर्यंत उत्तर हवंय. मी ठरवलं होतं, फ्लाइट कॅन्सल झाली तर राहायचं."

"म्हणजे निर्णय ढगांवर सोडलास?"

"काय करू? तीनशे फुटांवर चढतो, पण तुला 'राहू का?' विचारायला घाबरतो."

सहाला दहा मिनिटं कमी होती.

"शार्दूल, आज एकही ढग येणार नाही," मी म्हटलं. "तू माझ्यासाठी राहा. मला तू आवडतोस... खूप."

पलीकडून तो बोलला, पण माझ्याशी नव्हे. काउंटरवरच्या बाईला तो इंग्रजीत विचारत होता, "माझी बॅग विमानातून उतरवता येईल का?"